संघ, संसद आणि गाव : डॉ. आंबेडकरांच्या लोकशाहीविषयक लेखनाचे एक परीक्षण

डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या राजकीय लेखनाचे वाचन आपल्याकडे बहुधा दोन टोकांनी होते. एका टोकाला राज्यघटनेचे शिल्पकार असतात, दुसऱ्या टोकाला धम्मदीक्षा देणारे बोधिसत्त्व असतात. या दोहोंच्या मध्ये, १९१९ पासून १९५६ पर्यंत, म्हणजे जवळजवळ चार दशके, लोकशाही आणि राज्यपद्धती यांविषयी सातत्याने लिहिणारा जो राज्यशास्त्रज्ञ उभा आहे त्याच्याकडे विद्यापीठांचे आणि विहारांचेही पुरेसे लक्ष गेलेले नाही. विद्यापीठांचे कारण समजण्यासारखे आहे. बाबासाहेबांनी राज्यशास्त्रावर एकही क्रमिक ग्रंथ लिहिला नाही. जे लिहिले ते साक्ष, निवेदन, विधेयकावरील भाषण, स्मृतिव्याख्यान अशा प्रासंगिक रूपात लिहिले, आणि अभ्यासक्रमाला प्रासंगिक लेखन पचत नाही. विहारांचे कारण निराळे. तेथे हे सारे लेखन धम्मापूर्वीचे, म्हणून मागे पडलेले असे समजले जाते. प्रस्तुत लेखकास या दोन्ही समजुती अपुऱ्या वाटतात. बाबासाहेबांच्या राजकीय लेखनाचे मर्म आणि विनयपिटकातील संघकर्माचे मर्म एकाच प्रश्नाशी येऊन थांबते, आणि तो प्रश्न असा : माणसाचे मौन ही त्याची संमती केव्हा ठरते?

हा प्रश्न हाती घेण्यापूर्वी एका जुन्या आक्षेपाचा निकाल लावला पाहिजे. बाबासाहेबांची राजकीय मते वारंवार बदलली, असा हा आक्षेप आहे. आक्षेपास आधार नाही असे नाही. सायमन आयोगासमोर १९२८ मध्ये त्यांनी प्रौढ मताधिकारासह राखीव जागा मागितल्या. दुसऱ्या गोलमेज परिषदेत स्वतंत्र मतदारसंघांचा आग्रह धरला. २४ सप्टेंबर १९३२ रोजी पुणे करारावर सही करून संयुक्त मतदारसंघ स्वीकारले. मार्च १९४७ च्या ‘स्टेट्स अँड मायनॉरिटीज’ या निवेदनात त्यांनी सभागृहाच्या विश्वासावर न तरणारे, ठराविक मुदतीचे कार्यकारी मंडळ सुचविले. पुढच्याच वर्षी घटना समितीत जबाबदार संसदीय मंत्रिमंडळाचे समर्थन केले. १९४८ मध्ये भाषिक महाराष्ट्राच्या बाजूने निवेदन दिले, १९५५ च्या पुस्तिकेत त्याच महाराष्ट्राचे अनेक राज्यांत विभाजन सुचविले. नुसती यादी वाचणाऱ्यास हे चांचल्य वाटेल. परंतु यांतील प्रत्येक ठिकाणी बदलते ते साधन. ज्या कसोटीवर साधन घासून पाहावयाचे ती कसोटी मात्र १९१९ पासून तीच आहे.

ती कसोटी साउथबरो समितीपुढील साक्षीत प्रथम दिसते. जानेवारी १९१९ मधील ही साक्ष. बाबासाहेब त्या वेळी सत्तावीस वर्षांचे, सिडनहॅम महाविद्यालयात अर्थशास्त्राचे प्राध्यापक. कोलंबिया विद्यापीठात जॉन ड्युई यांच्यापाशी घेतलेल्या शिक्षणाची छाया या निवेदनावर स्पष्ट आहे. मताधिकार किती जणांना द्यावा, या समितीच्या प्रश्नाला त्यांनी वेगळ्याच दिशेने नेले. विधिमंडळात मतांचे प्रतिनिधित्व झाले म्हणजे पुरे झाले, हे त्यांनी नाकारले. माणसांचेही प्रतिनिधित्व झाले पाहिजे असे म्हटले. अस्पृश्यांची गाऱ्हाणी एखादा सहृदय सवर्ण सभासद मांडू शकेल, परंतु गाऱ्हाणे मांडले जाणे आणि गाऱ्हाणे असलेला माणूस स्वतः तेथे बसणे या दोन गोष्टी निराळ्या आहेत. आपल्या जीवनाच्या अटी ठरविण्यात वाटा मिळणे हे राज्यकारभाराचे फळ नव्हे, तो राज्यकारभाराचा अर्थच होय, अशी ही भूमिका आहे. राज्यपद्धतीचे वर्गीकरण करणाऱ्या तत्कालीन ग्रंथांपेक्षा ती एक पायरी खोल आहे.

ही पायरी त्यांना केवळ ग्रंथांतून सापडली असे मानण्याचे कारण नाही. उंब्रजच्या पूर्वेस, कृष्णेपलीकडे, मसूर आहे. पुणे-मिरज लोहमार्गावरील हे लहानसे स्थानक उंब्रजकरांच्या नित्य परिचयाचे. १९०१ च्या उन्हाळ्यात सातारहून गाडीने निघालेली काही मुले या स्थानकावर उतरली. त्यांत नऊदहा वर्षांचे भीमराव होते. वडील खटाव तालुक्यात गोरेगावी नोकरीस. त्यांना धाडलेले पत्र पोहोचले नव्हते, म्हणून न्यायला कोणी आले नव्हते. स्टेशनमास्तराने प्रथम आपुलकीने चौकशी केली आणि मुले महारांची आहेत हे कळताच तो मागे सरला. भाड्याच्या बैलगाड्या उभ्या होत्या, पण दुप्पट भाडे देऊनही गाडीवान बसायला तयार होईना; अखेर मुलांनी गाडी हाकावी आणि गाडीवानाने बाजूने चालावे, असा तोडगा निघाला. हा प्रसंग बाबासाहेबांनी ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ या आत्मपर लेखनात सविस्तर लिहिला आहे, आणि आपल्या भागातील वाचकांस तो पाठ आहे. येथे तो सांगण्याचे कारण करुणा हे नव्हे. त्यातील स्टेशनमास्तर हा नियमाने बांधलेला नोकर आहे, रेल्वेचे तिकीट सर्वांना सारखे आहे, गाडीभाडे हा खुला व्यवहार आहे. म्हणजे संस्था आधुनिक, नियम समान. तरी पाच मिनिटांत तिचे रूपांतर गावात होते. संस्थेचे बाह्य रूप पाहून तिच्या स्वरूपाचा निर्णय करू नये, ही बाबासाहेबांच्या राज्यशास्त्रातील पहिली सावधगिरी आहे, आणि मसूरच्या फलाटावर तिचे उदाहरण पुरेपूर मिळते.

आता ६ ऑक्टोबर १९३२ चे भाषण पाहू. पुणे करारास अवघे बारा दिवस झाले होते. मुंबई विधिमंडळापुढे ग्रामपंचायतींचे विधेयक आले होते, जे पुढे १९३३ चा कायदा झाले. बाबासाहेबांच्या राज्यशास्त्रीय लेखनात या भाषणाला फार वरचे स्थान दिले पाहिजे, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. आपल्या चर्चांत मात्र त्याचा उल्लेख क्वचित होतो. घटना समितीतील ४ नोव्हेंबर १९४८ च्या भाषणातले खेड्यांवरील कठोर उद्गार सर्वांना ठाऊक असतात, आणि त्यावरून बाबासाहेब ग्रामजीवनाचे शत्रू होते असा समज पसरविणे सोपे जाते. १९३२ चे भाषण वाचले की हा समज टिकत नाही. तेथे ते तत्त्वतः विकेंद्रीकरणाला नकार देत नाहीत. त्यांच्या हरकती दोन. पहिली, प्रत्येक गावात अस्पृश्य अल्पसंख्य आहेत. प्रौढ मताधिकार दिला तरी राखीव जागांवाचून एकही प्रतिनिधी निवडून येणार नाही. दुसरी, आणि अधिक महत्त्वाची, न्यायदानाचे अधिकार गावपंचायतीकडे देण्यास त्यांचा विरोध होता. जातिभेदाने आणि जुन्या पूर्वग्रहांनी घेरलेली वस्ती आपल्यापैकीच एका दुबळ्या घटकास निःपक्षपाती न्याय देऊ शकणार नाही, असे त्यांनी सांगितले. ज्याच्या शेतावर आपण राबतो त्याच्यापुढे फिर्याद घेऊन उभे राहावयाचे, ही त्या विधेयकातील खरी अडचण होती. ती कायद्याच्या मसुद्यात दिसत नाही. गावात राहिलेल्यालाच दिसते.

या पार्श्वभूमीवर २५ नोव्हेंबर १९४९ चे घटना समितीतील अखेरचे मोठे भाषण वाचावयाचे. त्यातील एक परिच्छेद बौद्ध अभ्यासकांना विशेष प्रिय आहे. भारताला संसदीय पद्धती अपरिचित नव्हती, हे सांगताना बाबासाहेबांनी भिक्खुसंघाचा दाखला दिला : आसनव्यवस्था, प्रस्ताव, ठराव, गणसंख्या, गणपूर्तीची तजवीज, मतमोजणी, शलाकेने मतदान, निंदाव्यंजक ठराव, एकदा निकालात निघालेला विषय पुन्हा न उकरण्याचा नियम. बुद्धाने हे नियम आपल्या काळच्या राजकीय सभांवरून घेतले असावेत, असाही तर्क त्यांनी केला. हा परिच्छेद आपल्या व्यासपीठांवरून इतक्या वेळा सांगितला जातो की तो तपासून पाहावा असे कोणाला वाटत नाही. परंतु बाबासाहेबांचे लेखन शास्त्र म्हणून वाचावयाचे असेल तर तपासणे ही त्याची अवहेलना नव्हे.

या तर्काची पूर्वपीठिका काशीप्रसाद जायसवाल यांच्या १९२४ मधील ‘हिंदू पॉलिटी’ या ग्रंथात आहे. शाक्य, वज्जी, मल्ल यांच्या गणांतील कामकाज कसे चालत असे याचे थेट वर्णन मिळत नाही. म्हणून जायसवालांनी संघाच्या नियमांवरून गणांच्या नियमांचे अनुमान केले. त्यांचा काळ परकीय सत्तेशी वाद घालण्याचा होता, आणि आपल्या पूर्वजांना पार्लमेंट ठाऊक होते हे सिद्ध करण्याची घाई त्या ग्रंथाच्या पानापानांवर दिसते. पुढे अनंत सदाशिव अळतेकर यांच्यासारख्या संशोधकांनी दाखविले की हे गण सर्व रहिवाशांचे नव्हते. सत्ता क्षत्रिय कुळांच्या हाती होती. वैशालीत सात हजार सातशे सात राजे होते असे जातककथेच्या प्रास्ताविकात म्हटले आहे. त्या राजांच्या घरी राबणारे दास आणि कर्मकर संथागारात बसत नव्हते. म्हणजे गणराज्यांना लोकशाही म्हणणे हे अथेन्सला लोकशाही म्हणण्याइतकेच खरे आणि तितकेच अपुरे आहे.

संघाविषयीची तुलनाही मर्यादेतच घेतली पाहिजे. संसद कायदे करते. संघाने कायदे केले नाहीत. शिक्षापदे तथागतांनी घालून दिली. राजगृहाच्या पहिल्या संगीतीत, बारीकसारीक शिक्षापदे इच्छा असल्यास वगळावीत अशी मुभा असूनही, संघाने नवे काही घालावयाचे नाही आणि जुने काही काढावयाचे नाही असेच ठरविले. संघकर्म हे मुख्यतः निर्णयाचे आणि व्यवस्थेचे काम आहे : उपसंपदा देणे, विहाराची कामे नेमून देणे, वाद मिटविणे. तेथे सत्ताधारी पक्ष नाही, विरोधी पक्ष नाही. बाबासाहेबांनी १९५२ च्या डिसेंबरात पुण्याच्या वकील मंडळींपुढे लोकशाही यशस्वी होण्याच्या अटी सांगितल्या त्यांत विरोधी पक्षाला मानाचे स्थान दिले होते. या अटीवर संघ उतरत नाही, आणि उतरण्याची अपेक्षाही नाही. १९४९ च्या भाषणात त्यांनी तुलना कार्यपद्धतीची केली, संस्थेची केली नाही, हे मूळ इंग्रजी नीट वाचले की कळते. ती संस्थेची तुलना करून टाकली ती आपण, जयंतीच्या भाषणांत.

मात्र ज्या ठिकाणी संघ संसदेपेक्षा वेगळा आहे नेमके तेच ठिकाण बाबासाहेबांच्या राज्यशास्त्राला जवळचे आहे. याकडे लक्ष वेधावे म्हणून हा लेखनप्रपंच.

संघकर्माची नेहमीची रीत बहुमताची नाही, एकमताची आहे. समर्थ भिक्खू संघापुढे ञत्ति म्हणजे प्रस्ताव ठेवतो. लहान विषयात त्यानंतर एकदा आणि उपसंपदेसारख्या गंभीर विषयात तीनदा घोषणा होते. ज्याला मान्य असेल त्याने गप्प राहावे, ज्याला मान्य नसेल त्याने बोलावे. कोणी बोलले नाही तर संघास मान्य आहे असे समजून कर्म पुरे होते. येथे मौन हीच संमती. जो आजारी असल्याने येऊ शकत नाही त्याचा छंद, म्हणजे त्याची अनुमती, दुसऱ्या भिक्खूने जाऊन आणावयाची. गैरहजर माणसाची संमती गृहीत धरावयाची नाही. गणसंख्येचाही नियम आहे. कर्माप्रमाणे चार, पाच, दहा किंवा वीस भिक्खू हवेत. धर्मानंद कोसंबी यांनी ‘बौद्धसंघाचा परिचय’ लिहून विनयाचा हा विषय मराठी वाचकांस करून दिला, त्याला आता बरीच दशके लोटली.

बहुमत येते ते वाद पेटल्यावर. चुल्लवग्गाच्या समथक्खन्धकात वाद शमविण्याचे सात उपाय सांगितले आहेत. त्यांतील एक येभुय्यसिका, म्हणजे अधिकांच्या मताने निकाल. त्यासाठी शलाका वाटावयाच्या. वाटणारा भिक्खू पक्षपात, द्वेष, मोह आणि भय यांच्या आहारी न जाणारा असावा, आणि शलाका घेतली कोणी व न घेतली कोणी हे त्याला कळावे. शलाका घेण्याच्या रीती तीन : गुप्त, कानात सांगून, आणि उघड. उघड रीत केव्हा वापरावयाची? धम्मवादी अधिक आहेत हे आधीच ठाऊक असेल तेव्हा. गुप्त आणि कानात सांगण्याच्या रीतीत अधम्मवादी अधिक निघाले तर शलाका नीट घेतल्या गेल्या नाहीत असे म्हणून मतदान रद्द करावयाचे. आधुनिक वाचकाला हा नियम वाचून धक्का बसेल. निवडणूक अधिकाऱ्यानेच निकाल पसंत पडला नाही म्हणून पेट्या परत पाठवाव्यात, असे हे दिसते. जायसवालांच्या उत्साही पानांत या नियमाची अडचण पुरेशी जाणवत नाही, आणि १९४९ च्या भाषणातही त्याचा उल्लेख नाही. पण त्याचा अर्थ सरळ आहे. अधिक हात वर झाले म्हणून अधम्म हा धम्म होत नाही, बहुमत ही निकालाची सोय आहे, सत्याचा पुरावा नाही, असे विनयाला म्हणावयाचे आहे. वैशालीच्या दुसऱ्या संगीतीत दहा वस्तूंवर वाद झाला तेव्हा गलबला माजू लागल्यावर शलाका वाटल्या गेल्या नाहीत. पूर्वेकडचे चार आणि पश्चिमेकडचे चार अशा आठ थेरांची उब्बाहिका, म्हणजे समिती, नेमली गेली. आसने मांडण्याचे काम अजित नावाच्या, उपसंपदेला दहा वर्षे झालेल्या भिक्खूकडे दिले. दोन्ही बाजूंची संख्या मुद्दाम सारखी ठेवली, ही त्यातील बारकाईने पाहण्यासारखी गोष्ट आहे.

हे वाचून ६ मे १९४५ चे मुंबईचे भाषण काढावे. ‘कम्युनल डेडलॉक अँड अ वे टू सॉल्व्ह इट’ या नावाने ते प्रसिद्ध आहे. बहुमताने राज्य करणे हे तत्त्व नसून एक सोय आहे, आणि ज्या देशात बहुमत जन्माने ठरते तेथे ती सोय अन्यायाची होते, असे बाबासाहेब तेथे मांडतात. राजकीय बहुमत घडते, मोडते, पुन्हा घडते. जातीचे बहुमत जन्मास येते आणि कधीच मोडत नाही. म्हणून बहुसंख्य समाजाला सभागृहात सापेक्ष बहुमत द्यावे, निरपेक्ष बहुमत देऊ नये, असा हिशेबच त्यांनी त्या भाषणात करून दाखविला. आणि निर्णयाचे दुसरे तत्त्व जगात आहे हे सांगताना त्यांनी एकमताचे नाव घेतले; ज्युरीचे आणि राष्ट्रसंघाचे उदाहरण दिले. भिक्खुसंघाचे दिले नाही. चार वर्षांनी संघाचा दाखला देताना बहुमताची यंत्रणा पुढे केली, एकमताची केली नाही. हे दोन धागे त्यांच्या लेखनात कुठे एकत्र बांधलेले दिसत नाहीत. टीकाकाराने ते बांधून पाहावयास हवेत, कारण बांधताच एक अवघड प्रश्न निघतो.

एकमत आपल्या गावांनाही फार प्रिय आहे. सातारा-सांगलीच्या पट्ट्यात ग्रामपंचायत बिनविरोध झाली की गावाची एकी म्हणून तिचा सत्कार होतो. कृष्णाकाठच्या गावांत निवडणुकीने भावकीत पडलेली भांडणे ज्यांनी पाहिली आहेत त्यांना बिनविरोधाची ओढ का वाटते हे समजते, आणि त्या ओढीत सगळाच ढोंगीपणा आहे असे म्हणणे अन्यायाचे होईल. पण बिनविरोध म्हणजे काय? देवळात किंवा चावडीवर बैठक बसते, नावे वाचली जातात, कोणी बोलत नाही, अर्ज मागे घेतले जातात. रीत पाहिली तर ती ञत्तिचतुत्थ कर्माहून फार वेगळी दिसत नाही. प्रस्ताव आहे, घोषणा आहे, मौन आहे. जानेवारी २०२१ मध्ये नाशिक जिल्ह्यातील उमराणे आणि नंदुरबार जिल्ह्यातील खोंडामळी येथील निवडणुका राज्य निवडणूक आयोगाने रद्द केल्या, कारण तेथे पदांचा जाहीर लिलाव झाल्याचे उघडकीस आले होते. लिलाव झाला तोही एकमतानेच. मग संघातील मौन ही संमती आणि चावडीवरील मौन ही संमती नव्हे, असे आपण कोणत्या आधारावर म्हणावे?

आधार एकच आहे, आणि तो बाबासाहेबांच्या १९१९ आणि १९३२ च्या लेखनात सापडतो. संघात गप्प बसलेला भिक्खू शेजारी बसलेल्या भिक्खूच्या अन्नावर जगत नसतो. पिंडपात गृहस्थांकडून येतो, विहार संघाचा असतो, चीवर संघातून मिळते. ज्येष्ठता कुळावरून नाही, उपसंपदेच्या वर्षांवरून ठरते. शाक्य राजपुत्रांनी आपल्या घरच्या उपाली न्हाव्याला मुद्दाम आपल्याआधी प्रव्रज्या देवविली ती याचसाठी, की पुढे जन्मभर त्याला आपण नमस्कार करावा आणि शाक्यांचा अभिमान मोडावा. ज्याला बोलण्याने काही गमवावयाचे नाही त्याचेच मौन मोजता येते. चावडीच्या पायरीखाली उभ्या असलेल्या महाराला बोलण्याने सारेच गमवावे लागत असे. बलुते पाटलाच्या खळ्यावरून येत असे, वतनाची जमीन गावकामाच्या बदल्यात होती, गावकीने वाळीत टाकले तर पाणी, दळण, मजुरी एकदम बंद. बाबासाहेबांनी १९२८ मध्ये महार वतनाचे विधेयक मांडले त्याचा अर्थ केवळ आर्थिक सुधारणा असा लावणे चूक आहे. मौनाची किंमत कमी करण्याचा तो प्रयत्न होता. कनिष्ठ वतने रद्द करणारा कायदा मुंबई राज्यात १९५८ मध्ये झाला. तो पाहावयास बाबासाहेब नव्हते.

‘स्टेट्स अँड मायनॉरिटीज’ या निवेदनाचे नीट वाचन याच दृष्टीने होऊ शकते. शेती राज्याच्या मालकीची करून गावकऱ्यांना जातीचा भेद न ठेवता सामुदायिक कसण्यास द्यावी. अस्पृश्यांच्या स्वतंत्र वसाहती कराव्यात. आणि सामाजिक बहिष्कार हा गुन्हा ठरवावा. राज्यघटनेच्या मसुद्यात जमिनीचा आणि बहिष्काराचा विषय कशाला, असे त्या काळच्या घटनापंडितांना वाटले असेल. बाबासाहेबांच्या लेखी तो मताधिकाराच्या कलमाचाच उत्तरार्ध होता.

येथे संघाविषयी एक गैरसोयीची बाब सांगितली पाहिजे. महावग्गाप्रमाणे दासाला, कर्जदाराला आणि राजाच्या नोकरीतील सैनिकाला प्रव्रज्या देता येत नसे. यावर टीका करणारे ती संघाच्या समतेतील उणीव म्हणून दाखवितात. समर्थक राजसत्तेशी संघर्ष टाळण्याचे व्यावहारिक कारण देतात. आपल्या विषयाच्या दृष्टीने त्यातील वेगळीच गोष्ट महत्त्वाची आहे. जो दुसऱ्याच्या ताब्यात आहे तो संघात आलाच नाही, म्हणून संघातील मौन विश्वासार्ह राहिले. संघाला आपले सभासद निवडता येत होते. राज्याला नागरिक निवडता येत नाहीत. दास, कर्जदार, सालगडी, बलुतेदार, सारे एकाच मतदारयादीत येतात. म्हणून संघाची कार्यपद्धती संसदेला लावून भागत नाही. संघाने जे काम दारावर केले ते राज्याला घराच्या आत करावे लागते. संघ आणि संसद यांच्या तुलनेतील हा फरक बाबासाहेबांनी १९४९ मध्ये शब्दांत मांडला नाही, तरी त्याच भाषणाच्या शेवटी राजकीय समता आणि सामाजिक-आर्थिक विषमता यांच्या विसंगतीचा जो इशारा आहे तो नेमका तिथलाच आहे. दोन परिच्छेद एकाच भाषणातले, पण आपण पहिला अभिमानाने सांगतो आणि दुसरा चिंतेने. त्यांचा एकमेकांशी संबंध जोडत नाही.

गुप्त मतदानाने हा प्रश्न सुटला, असे कोणी म्हणेल. काही अंशी सुटला, हे मान्य केले पाहिजे. परंतु ग्रामपंचायतीचा प्रभाग काही शेकडा मतदारांचा असतो आणि मोजणी प्रभागवार होते. गुप्त मतदान व्यक्तीला झाकते, वस्तीला झाकत नाही. कोणत्या आळीने कोणास मते दिली हे संध्याकाळपर्यंत पारावर कळलेले असते. विनयातील शलाका वाटणाऱ्याला मत कळे, पण त्याला भय आणि पक्षपात यांपासून मुक्त असण्याची अट होती. आपल्याकडे मत कळते ते नेमके अशी कोणतीही अट नसलेल्यांना.

सातारा भागातील वाचक आणखी एक हरकत घेतील, आणि ती घेण्याचा त्यांना अधिकार आहे. १९४३ ते १९४६ या काळात क्रांतिसिंह नाना पाटील यांच्या नेतृत्वाखाली याच गावांनी प्रतिसरकार चालविले, न्यायदान मंडळे बसविली, सावकारांना आवरले, कमी खर्चाची लग्ने लावली. गावाला न्याय देता येत नाही हे म्हणणे मग कसे टिकते? हरकत वजनदार आहे. तरी प्रतिसरकारची शक्ती गावाच्या जुन्या रचनेतून आली नव्हती, त्या रचनेला काही काळ बाजूस सारणाऱ्या चळवळीतून आली होती. चळवळ ओसरल्यावर गाव पुन्हा आपल्या जागी आले. बाबासाहेबांचा आक्षेप त्या जागेवर आहे, गावच्या माणसांवर नाही.

त्यांच्यावर टीका करावयाची असेल तर ती वेगळ्या ठिकाणी करता येते. घटना समितीत खेड्यांविषयी झालेल्या त्यांच्या कठोर भाषणावर अनेक सभासद रागावले. २२ नोव्हेंबर १९४८ रोजी के. संथानम यांनी ग्रामपंचायतींची संघटना करण्याविषयीची दुरुस्ती मांडली, तेव्हा बाबासाहेबांनी ती मोजक्या शब्दांत स्वीकारली. तेच आजचे अनुच्छेद ४०. त्या अनुच्छेदात पंचायतींना स्वराज्याचे घटक म्हणून अधिकार देण्याचे म्हटले आहे. १९३२ मध्ये ज्या संरक्षणांवाचून पंचायती नकोत असे त्यांनीच सांगितले होते, त्यांतील एकही तेथे नाही. न राखीव जागा, न न्यायदानाच्या अधिकाराला मर्यादा. मार्गदर्शक तत्त्वांच्या प्रकरणात असे तपशील येत नाहीत, हे उत्तर कायदेतज्ज्ञ देतील. परंतु बाबासाहेब गावाला इतके ओळखून होते की गाव येणारच, आज ना उद्या अधिकार घेऊन येणार, हे त्यांना कळत नव्हते असे म्हणवत नाही. गावाकडे दुर्लक्ष केले तर व्यक्ती हा घटनेचा घटक आपोआप बळकट होईल, अशी काही अपेक्षा त्यामागे असावी. तसे असेल तर ती त्यांच्या इतर लेखनाशी विसंगत आहे. महाराष्ट्रात १ मे १९६२ पासून जिल्हा परिषदा आणि पंचायत समित्या सुरू झाल्या, गावाची सत्ता वाढत गेली. राखीव जागा आणि सरपंचपदांचे आरक्षण घटनेच्या पातळीवर आले ते त्र्याहत्तराव्या दुरुस्तीने, २४ एप्रिल १९९३ पासून. १९३२ च्या भाषणातील पहिली हरकत अशा रीतीने साठ वर्षांनी मान्य झाली. दुसऱ्या हरकतीचे काम, म्हणजे ज्याच्या शेतावर राबावयाचे त्याच्यासमोर बोलता येण्याचे काम, आरक्षणाच्या चक्राकार यादीत बसत नाही. खुर्चीवर बसलेल्या सरपंचाच्या घरची चूल कोणाच्या मजुरीवर पेटते, हे पाहिल्यावाचून ग्रामसभेतील मौनाची नोंद संमती म्हणून इतिवृत्तात कशी करावयाची, हा प्रश्न त्या भाषणात आहे. हे भाषण महाराष्ट्र शासनाने १९८२ मध्ये प्रसिद्ध केलेल्या इंग्रजी खंडांपैकी दुसऱ्या खंडात मिळते. आपल्या अभ्यासवर्गांनी ते समथक्खन्धकाच्या शेजारी ठेवून वाचावे.